बुंध्यातली तीन भोकं

मागच्या महिन्यापर्यंत हे मी कुणालाही सांगितलेलं नव्हतं. बायकोला नाही, पुण्यातल्या मुलीला नाही, आणि रोज संध्याकाळी ज्यांच्याबरोबर मी पौड रस्त्यापर्यंत चालून येतो त्या साठ्यांना तर नाहीच नाही. सांगायची वेळ आली नाही म्हणावं, तर तसंही नाही. वेळ बऱ्याचदा आली. माझ्यासमोर येऊन बसली, आणि मी तिला चहा पाजून वाटेला लावली.

आता वय एकोणऐंशी. गुडघे गेले, एक कान गेला. त्यात हे पाटीचं प्रकरण निघालं, म्हणून नाइलाजाने लिहायला बसलो आहे.

पाटीचं आधी सांगतो. कासार आंबोलीत आमची अकरा बंगल्यांची एक रांग आहे. बंगले म्हणजे काय — तीन-तीन गुंठ्यांतली घरं, पुढे चार कुंड्या, मागे पाण्याची टाकी. आमच्या अंगणात एक रेन ट्री आहे. रांगेतलं सगळ्यात मोठं झाड. तर रांगेतल्या मंडळींनी ठरवलंय की त्या झाडाखाली एक पाटी लावायची. ‘मास्तरांनी वाचवलेला वृक्ष.’ मी तांत्रिक शाळेत एकतीस वर्षं सुतारकाम शिकवलं, म्हणून मी मास्तर. साठे म्हणाले, “अर्धं पान लिहून द्या हो मास्तर, झाड कसं वाचवलंत ते. नव्या पिढीला कळायला नको?”

काय कळायला हवंय नव्या पिढीला? मी दोनदा नाही म्हटलं, तर हे म्हणतात मास्तर विनयशील आहेत! विनयशील. डोकं फिरतं माझं. बरं, लिहितो. अर्ध्या पानात मावणार नाही.

झाड लावलं सुमनने. सुमन म्हणजे माझी बायको. घर बांधून झालं तेव्हा दुपारनंतर पुढच्या खोलीत पश्चिमेचं ऊन असं यायचं की खुर्चीला हात लावला तर चटका बसे. तिला सावली हवी होती. मी म्हटलं, पत्रा टाकू. ती म्हणाली, पत्र्याखाली माणसं राहतात का? मग घोटावड्याच्या एका रोपवाटिकेतून ती कमरेएवढं रोप घेऊन आली. तिथल्या माणसाने तिला सांगितलं, “छत्रीसारखं पसरतं बघा, पाच वर्षांत सावलीत बसाल.” तो खोटं बोलला नाही. छत्री कुणाच्या घराएवढी होईल, ते मात्र त्याने सांगितलं नाही.

तीन गुंठ्यांत रेन ट्री! मोठ्या रस्त्याच्या कडेला, सरकारी बंगल्याच्या आवारात लावायचं झाड ते. अकरा वर्षांत त्याने आमचं अंगण खाल्लं, गच्ची खाल्ली, निम्मं आभाळ खाल्लं. मुळांनी शहाबादी फरशी उचलली. मी ती दोनदा बसवून घेतली, तिसऱ्यांदा गवंडीच म्हणाला, मास्तर, आता राहू द्या. पानं एवढीएवढीशी, चिंचेसारखी. झाडूत येत नाहीत, टाकीत मात्र बरोबर जातात. उन्हाळ्यात वरून कसलेसे किडे चिकट पाणी गाळतात. स्कूटरची सीट चिकट, वाळत घातलेले कपडे चिकट, वर्तमानपत्र चिकट. आणि त्या शेंगा! काळ्या, गुळासारख्या. चपलेखाली एक आली की ती घरभर आपली ओळख ठेवत जाते. मी चिडायचो. सुमन म्हणायची, “अहो, झाड आहे ते. ते काय मुद्दाम करतंय का?”

मला वाटायचं, मुद्दाम करतंय.

मी तोडू या म्हटलं, ती बोलली नाही. छाटू या म्हटलं, दोन दिवस बोलली नाही. परवानगीचा अर्ज आणून टेबलावर ठेवला, तर त्यावर तिने भाजी निवडली. मला सांगा, अशा वेळी माणसाने काय करावं? सरळ भांडावं. मला झाड नको आहे, माझंही घर आहे, असं तोंडावर सांगावं. एवढंच करायचं होतं. माझ्याच्याने तेवढंही झालं नाही. एकतीस वर्षं वर्गावर ओरडलो मी, पण या एका बाईसमोर मला कधी आवाज चढवता आला नाही. ही तक्रार नाही हं. नुसतं सांगतोय.

आता मारुतीचं सांगायला हवं, कारण खरं तर सगळं त्याचंच आहे.

मारुती आमचा माळी. आमचा म्हणजे रांगेतल्या सात घरांचा. इथलाच, गावातला. आमची रांग ज्या जमिनीवर उभी आहे ती त्याच्या वडिलांनी विकलेली. साठ्यांची गाडी जिथे उभी असते तिथे त्यांची विहीर होती. हे त्याने मला हसत हसत सांगितलं होतं. त्याच्या वाट्याला खालच्या अंगाचं थोडं भातखाचर राहिलं होतं, बाकी वेळ तो आमच्या कुंड्यांना पाणी घालायचा. माणूस कमी बोलणारा, बोलला की तोडून बोलणारा. एकदा मी हौसेने गुलाब छाटले. ते बघून म्हणाला, “मास्तर, हे फर्निचर न्हाई.”

सुमनला भाऊ नाही. त्या पाच बहिणीच. लहानपणापासून भाऊबीजेला त्या पाचही जणी अंगणात जाऊन चंद्राला ओवाळायच्या. ज्यांना भाऊ नाही त्या बायका तसंच करतात. लग्नानंतरही ती ओवाळायची. मारुती कामाला लागला त्या पहिल्याच दिवाळीत त्याने तिला ताटात निरांजन घेऊन गच्चीवर जाताना पाहिलं आणि विचारलं, ताई, कुणाला ओवाळताय? तिने सांगितलं. तो नळावर गेला, हातपाय धुतले, डोक्यावर टोपी सारखी केली आणि ओसरीत मांडी घालून बसला. “मी हाय की हितं,” म्हणाला. “चांदोबा कशाला पायजे?”

त्या दिवसापासून दहा वर्षं. दर भाऊबीजेला तो यायचा, धुतलेला सदरा घालून. ओवाळणीत नव्या इंद्रायणी तांदळाची पिशवी आणायचा, आपल्या खाचरातल्या. सुमन त्याला मारुतीदादा म्हणायची, आणि तो तांदूळ वर्षभर वेगळ्या डब्यात ठेवायची.

कळतंय ना, मी कुठल्या घरात हात घातला ते?

सात वर्षांपूर्वी, पाऊस सरता सरता, सुमन दोन दिवस कोळवणला बहिणीकडे गेली होती. आदल्या दिवशी त्या झाडाची एक फांदी मोडून माझ्या पाण्याच्या नळीवर पडली होती. मी घोट्याएवढ्या चिखलात उभा राहून नळी जोडत होतो, आणि वरून टपटप पानं माझ्या टकलावर. तेव्हा ठरवलं. रागाच्या भरात केलं असं म्हणायची सोय नाही, कारण राग चिखलातच संपला होता. नंतर मी अंघोळ केली, जेवलो, आणि मग शांतपणे ठरवलं.

झाड हिंगाने मरतं, असं आमच्याकडे सगळे सांगतात. बुंध्याला भोक पाडायचं, हिंग भरायचा, वरून बुजवायचं. झाड उभ्या उभ्या वाळतं आणि कुणाला पत्ता लागत नाही. सांगणारे शंभर. मेलेलं झाड दाखवणारा मला अजून भेटलेला नाही. पण मी मास्तर, शिकलेला, तरी विश्वास ठेवला. पौडला अत्तारांच्या मसाल्याच्या दुकानात गेलो आणि शंभर ग्रॅम खडा हिंग मागितला. गल्ल्यावर बसलेले अत्तारचाचा चष्म्यावरून बघत राहिले. म्हणाले, “मास्तर, आचारी लावलाय का घरी? चिमूटभर लागतो हो याला.” मी म्हटलं, लोणचं आहे. भाद्रपदात लोणचं! ते हसले आणि पुडी बांधून दिली.

घरी येऊन मी गिरमिट काढलं. हाताने फिरवून भोक पाडायचं जुनं हत्यार, माझं स्वतःचं. बुंध्याच्या मागच्या बाजूला, कुंपणाकडे, जमिनीपासून गुडघाभर उंचीवर तीन भोकं पाडली. तिन्ही एका मापाची, तिन्ही आतल्या बाजूला एकाच कोनात उतरती, म्हणजे भरलेलं बाहेर येऊ नये. हे सांगायला मला लाज वाटते, पण सांगतो — काम झाल्यावर मी दोन पावलं मागे सरून बघितलं, आणि मला बरं वाटलं. काम नीट झालं होतं. मग हिंग कुटून भरला, मेणाने बुजवलं, वर माती चोळली.

हा झाला हिंग. तुम्हाला वाटेल कबुली संपली. छे. हिंगासाठी मी एवढं लिहायला बसलो नसतो. झाड काही मेलं नाही, आजही उभं आहे आणि आजही माझी टाकी भरतंय. मी त्याच्यापुढच्या गोष्टीसाठी बसलोय, आणि ती टाळायला मी एवढं सगळं लिहीत आलोय, हे मलाही दिसतंय.

दोन-तीन आठवड्यांनी झाडाची एक बाजू पिवळी पडली. पानं गळायची ती वेळ नव्हती. सुमन रोज खाली उभी राहून वर बघायची. मीही बघायचो, चेहरा काळजीचा करून. एका सकाळी मी दूध घेऊन फाटकातून आत येतोय, तर मारुती बुंध्यामागे उकिडवा बसलेला. त्याला डिंक गळताना दिसला होता. ओसरीवरच्या माझ्या हत्यारांच्या पेटीतून पटाशी घेऊन त्याने दोन भोकं कोरून साफ केली होती, पाण्याने धुतली होती, आणि शेण-मातीत हळद कालवून ती लिंपत होता. तिसऱ्याला हात घालणार, एवढ्यात ठोकण्याच्या आवाजाने सुमन बाहेर आली.

तिने काय पाहिलं? बुंध्याला भोकं, मारुतीच्या हातात पटाशी, खाली लाकडाचा भुगा. आणि वास. सगळ्या अंगणात हिंगाचा वास.

“दादा, हे काय करताय?”

“ताई, हिंग घातलाय ह्यात कुणीतरी.”

“कुणी?”

मारुतीने मान वळवली आणि माझ्याकडे बघितलं. बोट दाखवलं नाही. नुसतं बघितलं. बोलायला जागा करून द्यावी तसं. मी दुधाची पिशवी या हातातून त्या हातात घेतली.

तेवढ्यात कुंपणापलीकडून साठे. त्यांना वास गेला होता, त्यांना कसलाही वास जातो. म्हणाले, हा प्रकार मी ऐकलाय, वखारवाले माळ्यांना हाताशी धरतात, झाड वाळलं की लाकूड फुकट. आणि मग आवाज खाली आणून, पण मारुतीला ऐकू जाईल एवढाच खाली — की जमीन गेल्याचा राग असतोच या लोकांच्या मनात.

सुमन साठ्यांकडे वळलीच नाही. तिने माझ्याकडे बघितलं. तिला माझ्याकडून एक ‘नाही’ हवं होतं. तेवढ्यावर तिचं भागलं असतं. म्हणाली, “अहो, दादा असं करतील?”

आणि मी म्हणालो, “कुणाच्या मनातलं आपण काय सांगणार?”

हेच ते. हे वाक्य. सात वर्षं हे माझ्या तोंडात आहे. नीट बघा त्याच्याकडे. यात एकही शब्द खोटा नाही. कुणावर आरोप नाही. उद्या कुणी जाब विचारला तर मला म्हणता येईल, मी कुठे काय म्हणालो? गिरमिटाने पाडलेल्या त्या भोकांसारखंच वाक्य ते. साफ, उतरतं, आत घातलेलं बाहेर येणार नाही असं.

मारुती उठला. नळावर हात धुतले. पटाशी सदऱ्याला पुसून पायरीवर ठेवली. “तुमची हाय, ठिवतो,” म्हणाला, आणि फाटकातून बाहेर गेला. सुमनने त्याला थांबवलं नाही. ती माझ्या वाक्याजवळच उभी होती.

आणि मला चीड कशाची येते सांगू? कुणीच त्या भोकांकडे बघितलं नाही! मारुतीकडे कोयता आणि पहार, तिसरं हत्यार नाही. एका मापाची, एका कोनाची तीन भोकं माळी पाडतो का? माझा पहिल्या वर्षाचा विद्यार्थीसुद्धा सांगू शकला असता हे कुणाचं काम आहे. साठ्यांनी वास घेतला, तर्क लढवला, पण वाकून बघितलं नाही. माझ्याच बायकोने नाही, जिच्या स्वयंपाकघरातली सगळी फडताळं माझ्या हातची होती. मी पकडला जाण्याची वाट बघत होतो की काय? माहीत नाही. कुणी पकडलं नाही, एवढं खरं. आणि बघा, आत्ताही मी दोष बाकीच्यांनाच देतोय.

त्या दुपारी मी घाबरलो. झाड मेलं तर लोक बुंधा कापतील, भोकं बघतील. म्हणून तिसरं भोक मीच कोरलं, धुतलं, मारुतीने कालवून ठेवलेलं शेण लिंपलं. सुमनने खिडकीतून ते बघितलं आणि बाहेर येऊन माझ्यापुढे चहा ठेवला. तिच्या डोळ्यांत पाणी होतं. “तुम्हाला नको होतं ना झाड? तरी,” एवढंच म्हणाली. झाड वाचवणारा मास्तर तिथे जन्मला. दोन भोकं मारुतीने साफ केली, मी एक. पाटी माझी.

संध्याकाळी साठ्यांनी बंगल्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर सूचना टाकली की मारुती माळ्याने हिंग घालून झाड मारण्याचा प्रयत्न केला आहे, कामावर ठेवताना विचार करावा. खाली एकेक अंगठा उमटू लागला. कुणी विचारलं, मास्तर गप्प का? मी अंगठा टाकला. चौथा अंगठा माझा आहे. अजून आहे तिथे. मी अधूनमधून वर सरकत जाऊन बघतो.

आठवड्यात सातही घरं सुटली. मग कोळवणच्या बाजूला दोन फार्महाउसांवर त्याने काम धरलं, तिथपर्यंतही गोष्ट पोचली. राखणदार राखणदाराला सांगतो, मालक मालकाला सांगतो. ज्या गावात बापजाद्यांपासून नाव, त्या गावात तो ‘हिंगवाला’ झाला. पोरं मागून तसं ओरडत. मी स्वतः ऐकलं आहे, चावडीपाशी. आणि मी पोरांना दटावलं! मोठा आलो दटावणारा.

त्या वर्षीची भाऊबीज तीन आठवड्यांवर होती. सुमनने फराळ केला, त्याचा डबा भरला, रिकामा केला, परत भरला. संध्याकाळी तिने ताट तयार केलं आणि बाहेर आली. बीजेचा चंद्र बारीक असतो, सूर्यामागोमाग पश्चिमेला उतरतो, तासाभरात जातो. आणि पश्चिमेला काय? झाड. हे झाड दिवस मावळला की पानं मिटून घेतं, पण फांद्या थोड्याच मिटतात? गच्चीवरूनही दिसेना. शेवटी ती ताट घेऊन फाटकाबाहेर रस्त्यावर गेली. वारा होता. मी हाताचा आडोसा करून निरांजन धरलं, आणि तिने दहा वर्षांनी पुन्हा चंद्राला ओवाळलं. येणारे-जाणारे बघत होते. घरात येताना म्हणाली, “दादांना असं का वाटलं असेल हो?”

मी म्हटलं, “सोड ना आता.”

सहा वर्षं. सहा भाऊबीजा मी फाटकाबाहेर उभा राहून निरांजनाला आडोसा केला. सहाही वेळा तिने तो प्रश्न विचारला, आणि सहाही वेळा मी म्हटलं, सोड. दरवर्षी ठरवायचो, यंदा सांगायचं. मग वाटायचं, सणाचा दिवस आहे, उद्या सांगू. दुसऱ्या दिवशी वाटायचं, काल सण तर बरा झाला, आता कशाला?

आता शेवटचं. हे लिहायचं नव्हतं. हिंगावर थांबलो असतो, वाक्यावर थांबलो असतो, तरी चाललं असतं.

सुमन गेली त्याला सव्वा वर्ष झालं. शेवटचा महिना पुढच्या खोलीत पडून होती, खिडकीतून झाड दिसेल अशी खाट लावून. एका दुपारी मला जवळ बोलावलं आणि म्हणाली, “मारुतीदादांना एकदा बोलवा. म्हणावं, माझ्या मनात काही नाही. झालं गेलं मी विसरले.” ती त्याला क्षमा करणार होती! हिंग काढणाऱ्याला, हिंग घालणाऱ्याच्या हातून निरोप.

मी म्हटलं, सांगतो.

गेलो नाही. घोटावडे इथून केवढंसं? तो तिथे एका कारखान्याच्या फाटकावर राखणीला आहे हे मला ठाऊक होतं. पण तो आला असता तर? तिने “तुम्हाला माफ केलं” म्हटलं असतं, आणि त्याने “कशाबद्दल?” विचारलं असतं तर? दोन दिवसांनी तिने विचारलं, निरोप दिलात? मी म्हटलं, “दिला. येतो म्हणाला.”

ती वाट बघत राहिली. फाटक वाजलं की मान उचलायची. “दादा का?” आधी रोज, मग दिवसाआड. शेवटी शेवटी म्हणाली, “राग धरलाय त्यांनी. धरू देत.” त्यानंतर पाच दिवसांनी ती गेली.

मागच्या महिन्यात पाटीचं ठरलं, तेव्हा मी रिक्षा करून घोटावड्याला गेलो. मारुती फाटकाशेजारच्या खोक्यात बसला होता, निळा गणवेश, केस सगळे पांढरे. मला ओळखलं, पण उठला नाही. समोर वही सरकवली. येणाऱ्याने नाव लिहायचं, वेळ लिहायची, कुणाला भेटायचं ते लिहायचं आणि शेवटी कारण. मी नाव लिहिलं, वेळ लिहिली. कारणाच्या रकान्यापाशी हात थांबला. मागे टेम्पोवाला भोंगा वाजवत होता.

“लिवा काय बी,” मारुती म्हणाला. “कोण वाचतंय?”

मी ‘वैयक्तिक’ लिहिलं. तिथेसुद्धा!

मग तोंडाने सांगितलं. हिंग मी घातला होता. तो वहीत टेम्पोचा नंबर लिहीत होता, तो लिहून झाल्यावर म्हणाला, “ठावं हाय.”

“कधीपासून?”

“तवापासनंच. भोकांस्नी उतार हुता. आन् अत्तारकडं मी बी जातो.”

मी विचारलं, मग तू तेव्हा बोलला का नाहीस. विचारताना माझा आवाज चढला होता, ऐकताय ना? मी त्याच्यावर चिडलो होतो!

“मी बोलायचं का तुमी बोलायचं?” तो म्हणाला. “मी तुमच्याकडं बघितलं, तर तुमी दुधाची पिशवी बघत हुता.”

शेवटी त्यानेच विचारलं, ताईने कधी आठवण काढली का. मग मी निरोपाचंही सांगितलं. तिने बोलावलं होतं, मी आलो नाही, आणि तिला सांगितलं की तू येतो म्हणालास.

हे मात्र त्याला ठाऊक नव्हतं.

तो उठून उभा राहिला. मला वाटलं, आता मारणार. मारलं नाही. टोपी काढली, हातात धरली, परत घातली.

“म्हंजी मी येतो म्हनून आलो न्हाई,” तो म्हणाला. “तिला आसं वाटलं.”

“हो.”

“आन् ती तशीच गेली.”

“हो.”

टेम्पोवाल्याने पुन्हा भोंगा वाजवला. मारुती खोक्यातून बाहेर आला आणि फाटक उघडायला गेला. टेम्पो आत गेला, दुसरा आला, तिसरा आला. त्याने परत माझ्याकडे बघितलं नाही. अर्ध्या तासाने मी निघालो. बाहेर जाण्याची वेळ लिहायला वही उघडली, तर माझ्या नावापुढे ती त्याने आधीच लिहून ठेवली होती.

आज हा मजकूर मी बंगल्यांच्या ग्रुपवर टाकतो आहे, त्या जुन्या सूचनेच्या खाली. तिथून ज्याला जिथे पाठवायचा त्याने पाठवावा. आणि त्या वहीत ज्या रकान्यात मी ‘वैयक्तिक’ लिहिलं, त्यात जे लिहायला हवं होतं ते हे —

झाडात हिंग मी घातला. तो मारुतीने काढला. सुमनने त्याला बोलावलं होतं, आणि मी निरोप दिला नाही.